‘अंब्राफाइल’ला आपला शब्द कोणता?

शहाद्याची_ताई

नमस्कार मंडळी. चार दिवसांपासून एक शब्द डोक्यात बसलाय. पुण्याहून लेकीचा फोन होता, बोलता बोलता म्हणाली, “आई, तू पक्की अंब्राफाइल आहेस.” म्हणजे कोण, तर ग्रहणामागे वेडी झालेली माणसं. शब्द मला आवडला, पण त्याचा नेमका अर्थ काय, तो आला कुठून आणि मराठीत त्याला काय म्हणावं, हे कुणी सांगाल का? निवृत्त झाले तरी शाळेच्या भित्तिपत्रकाचं काम अजून माझ्याकडेच आहे. पुढच्या अंकात यावर लिहायचंय.

लेक असं का म्हणाली तेही सांगते. २२ जुलै २००९, बुधवार. त्या पहाटेच्या खग्रास सूर्यग्रहणाच्या पट्ट्यात सुरत होतं आणि आपलं शहादा-नंदुरबारही होतं. त्या दिवशी दिव्यांची अवस. आदल्या संध्याकाळी समया, निरांजनं चिंचेनं घासून ओट्यावर पालथी घातली होती. सासूबाई दारातूनच म्हणाल्या, “बाहेर नको जाऊ व, गिरान लागेल शे.” त्यांचा मान ठेवून मी अंगणात गेले नाही, पण जिन्यानं धाब्यावर, म्हणजे घराच्या सपाट मातीच्या छतावर गेले.

आभाळ गच्च भरलेलं. सूर्य कुठेय हेही कळेना. सव्वासहा वाजून गेले आणि सुरतेच्या अंगाचे ढग काळे पडायला लागले. पावसाचा काळोख असा येत नाही. हा कुणीतरी घोंगडं ओढत आणावं तसा सरळ आमच्याकडे आला आणि डोक्यावरून गेला. खाली गल्लीत एकदम सामसूम. शेवग्यावर चिमण्यांची नुकती सुरू झालेली चिवचिव थांबली. जवळजवळ तीन मिनिटं हातातलं घड्याळ वाचता येत नव्हतं. आणि मग उजेड आला, तोही पूर्वेकडून नाही. अंधार ज्या बाजूनं आला होता त्याच पश्चिमेकडून उजेड आला. सूर्य मला दिसलाच नाही. तरी आजही ती सकाळ आठवली की अंगावर काटा येतो. सूर्य न पाहिलेल्या बाईला हा शब्द लागू पडतो का, हाही माझा प्रश्न आहे.

आप्पा_जळगाव

ताई, तुम्हालाच तो सगळ्यांत जास्त लागू पडतो. त्या शब्दात सूर्य नाही, चंद्र नाही, ग्रहणसुद्धा नाही.

‘अंब्रा’ लॅटिन, अर्थ सावली. ‘फाइल’ ग्रीक ‘फिलोस’वरून, म्हणजे एखाद्या गोष्टीवर जीव असणारा. फिलॉसॉफीतला ‘फिल’ तोच. लॅटिन आणि ग्रीक अशी दोन घरची सोयरीक आहे म्हणून काही पंडित नाक मुरडतात, पण आपल्या ‘बेताल’मध्ये ‘बे’ फारसी आणि ‘ताल’ संस्कृत आहे, ते आपल्याला कुठे खटकतं? पावसात आपण जी अंब्रेला उघडतो तीही याच अंब्राची, इटालियनमधून आलेली. मूळ अर्थ छोटी सावली.

खगोलशास्त्रात अंब्रा म्हणजे सावलीचा पूर्ण काळा गाभा, आपल्या पुस्तकातली प्रच्छाया. भोवतीची फिकट ती उपच्छाया. चंद्राची प्रच्छाया जमिनीला जिथे टेकते तिथेच खग्रास ग्रहण होतं. तुम्ही धाब्यावर उभ्या राहून ती येताना पाहिलीत, अंगावरून जाताना पाहिलीत. निरभ्र आभाळाखाली असतात त्यांचे डोळे वर सूर्याकडे लागलेले असतात, त्यांतल्या कितीतरी जणांना ती सावली चालत येताना दिसतच नाही.

आता आपल्या घरची गोष्ट. सावलीला ग्रीकमध्ये ‘स्किया’ म्हणतात. ही स्किया आणि आपली ‘छाया’ एकाच जुन्या मुळाच्या दोन फांद्या आहेत, हे भाषाशास्त्रात मान्य झालेलं आहे. म्हणजे सावलीसाठी शब्द शोधायला आपल्याला परक्या दारी जायचं कारण नाही.

‘एक्लिप्स’ आणि ‘ग्रहण’ यांचा स्वभाव मात्र वेगळा. ग्रीक ‘एक्लेइप्सिस’ म्हणजे सोडून जाणं, नाहीसं होणं. त्यांचा सूर्य त्यांना टाकून जातो. आपल्याकडे ‘ग्रह्’ म्हणजे धरणं, पकडणं, म्हणून आपला सूर्य धरला जातो आणि मग ‘सुटतो’. ग्रह, ग्राहक, पाणिग्रहण, बाजारातलं गिऱ्हाईक आणि तुमच्या सासूबाईंचं गिरान, सगळी एकाच धातूची लेकरं. ‘ग्रहणप्रेमी’ला माझा विरोध आहे तो यामुळेच. मराठीत आपण ज्ञानही ग्रहण करतो आणि पदभारही. ‘ग्रहणप्रेमी मुलगा’ म्हटलं तर वाचणाऱ्याला तो अभ्यासू वाटेल.

माझं मत ‘छायावेडा’, ‘छायावेडी’.

चाळीसगावचा_नाना

खानदेशात ग्रहणाची चर्चा आणि पाटणादेवीचं नाव नाही, असं कसं चालेल?

आमच्या चाळीसगावजवळ पाटण्याला जो शिलालेख आहे, तो डॉ. भाऊ दाजींनी उजेडात आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव यानं आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला आणि त्या मठाला निकुंभ घराण्यातल्या सोइदेवानं दान दिलं, असं त्यात कोरलंय. दानाचा दिवस कोणता? १२०७ सालची श्रावणी पौर्णिमा, चंद्रग्रहणाची. लहानपणी ग्रहण सुटताना गल्लीत “दे दान, सुटे गिऱ्हाण” अशी हाळी यायची आणि आई सुपात धान्य घेऊन दाराशी जायची. ग्रहणाचं दान ज्योतिष-गणिताच्या शाळेला दिल्याचा दगड आपल्या जिल्ह्यात उभा आहे, याचा मला फार अभिमान वाटतो. आप्पा, तुमच्यासाठी आणखी एक: लेखाचा शेवटचा भाग जुन्या मराठीत आहे आणि त्यात ‘ग्राहकापासीं’ हा शब्द आहे. ग्रहणाच्या दिवशी दिलेल्या दानात ग्राहक!

भास्कराचार्यांनी राहूच्या गोष्टीकडे गणिती नजरेनं पाहिलं. सूर्याला ग्रहण लागतं ते पश्चिम कडेनं, चंद्राला लागतं ते पूर्व कडेनं. दोघांना झाकणारा एकच असता तर बाजू बदलली नसती. त्यांच्या साडेसहाशे वर्षं आधी आर्यभटानं अर्ध्या ओळीत सांगून ठेवलं होतं: “छादयति शशी सूर्यं शशिनं महती च भूच्छाया.” चंद्र सूर्याला झाकतो आणि चंद्राला पृथ्वीची मोठी छाया. इथेही शब्द ‘छाया’च.

तरी ‘छायावेडा’ म्हटलं की मला फोटो काढणारा डोळ्यांसमोर येतो. छायाचित्र, छायाचित्रकार हे शब्द फार रुळलेत. त्यापेक्षा ‘सावलीवेडा’ बरा.

भुसावळ_जंक्शन

थोडी भर घालतो. २२ जानेवारी १८९८ चं खग्रास ग्रहण महाराष्ट्रावरून गेलं तेव्हा ही छायावेडी मंडळी सातासमुद्रापलीकडून आली होती. इंग्रज खगोलशास्त्रज्ञ नॉर्मन लॉकयर विजयदुर्गला, अमेरिकेच्या लिक वेधशाळेचे कॅम्पबेल जेऊरला. तिथेच पुण्याचे प्राध्यापक कावसजी नायगमवाला. आणि आमच्या भुसावळ-नागपूर लाइनीवर, वऱ्हाडातल्या तळणीला, इंग्लंडचे खगोलशास्त्रज्ञ मॉंडर पती-पत्नी. ॲनी मॉंडर यांनी तिथून सूर्याच्या प्रभामंडळाचा लांबच लांब पसरलेला झोत फोटोत पकडला. लॉकयरनी हेलियम विजयदुर्गला शोधला असं नेहमी सांगितलं जातं, ते बरोबर नाही. सूर्याच्या वर्णपटातली पिवळी रेषा, जिच्यावरून हेलियम ओळखला गेला, ती १८६८ ची. लॉकयर विजयदुर्गला आले ते तीस वर्षांनी.

सातपुड्याचा_पोऱ्या

ताई, तुमचं वाचून राहवलं नाही. मी २६ डिसेंबर २०१९ ला कोइमतूरला कंकणाकृती पाहायला गेलो होतो. बांगडी डोळे भरून पाहिली, पण आप्पांच्या अर्थानं त्या दिवशी मी अंब्रात नव्हतोच. कंकणाकृतीत प्रच्छायेचं टोक जमिनीपर्यंत पोचत नाही, वरच संपतं. म्हणून तुमच्या त्या तीन मिनिटांचा हेवा वाटतो.

शब्दाबद्दल: ही माणसं एकदा पाहून थांबत नाहीत, पुढच्या तारखेची वाट पाहतात आणि पुन्हा निघतात. आपल्याकडे याला वारी म्हणतात. ‘सावलीचे वारकरी’ कसं वाटतं?

आणि तुमच्या ग्रहणाची बहीण येतेय. ग्रहणांची कुळं असतात, त्याला सारोस म्हणतात. १८ वर्षं, ११ दिवस आणि सुमारे ८ तासांनी त्याच कुळातलं पुढचं ग्रहण होतं. २००९ चं ग्रहण १३६ व्या सारोसातलं, त्यातलंच पुढचं २ ऑगस्ट २०२७ ला. वरच्या त्या आठ तासांत पृथ्वी एक तृतीयांश फिरते, त्यामुळे सावली या वेळी आपल्यावरून न जाता स्पेन, मोरोक्को, इजिप्त, मक्का असा रस्ता धरेल. लक्सरजवळ सहा मिनिटांहून जास्त काळोख. आपल्याकडे दुपारनंतर खंडग्रास.

शहाद्याची_ताई

सगळ्यांचे मनापासून आभार. पोऱ्या, तुझी तारीख वाचली आणि लगेच पंचांगाचं गणित मांडलं. २ ऑगस्ट २०२७ म्हणजे आषाढी अमावास्या. पुन्हा दिव्यांची अवस! मला काही सुचेना, थोडा वेळ तशीच बसून राहिले.

भित्तिपत्रकात शीर्षक ‘सावलीवेडे’ देतेय. नाना, तुमचं छायाचित्राचं म्हणणं पटलं, पण स्किया-छायेचं नातं पहिल्या परिच्छेदातच घेणार. ‘वारकरी’ शब्द सुंदर आहे, पण मुलं विचारतील की इथे विठोबा कोण, आणि त्याचं उत्तर मला आधी स्वतःशी ठरवावं लागेल. पाटण्याच्या शिलालेखाला वेगळी चौकट. पंचांगातले स्पर्श (ग्रहण लागणं), संमीलन (बिंब पूर्ण झाकलं जाणं), मध्य, उन्मीलन (बिंब पुन्हा उघडू लागणं), मोक्ष (ग्रहण सुटणं) हे पाच शब्द मुलांकडूनच रंगीत खडूनं लिहून घेईन, आकृतीसकट. यातल्या संमीलनापासून उन्मीलनापर्यंत मी धाब्यावर होते, हे मला आज कळलं.

लेक लक्सरची तिकिटं बघतेय. सासूबाई आता नाहीत. धाबं पाडून स्लॅब टाकला, त्याला आठ वर्षं झाली, पण पश्चिमेची बाजू अजून मोकळी आहे. जाणं झालं नाही तर समया घासून आदल्या दिवशीच ठेवीन आणि दुपारी ग्रहणाचा चष्मा घेऊन वर जाऊन बसेन. पोऱ्या, शहाद्याला स्पर्शाची वेळ किती, तेवढी काढून देशील का?