आशियातली माध्यमं पाश्चात्त्य चौकटीत कशी बसवायची?

वृत्तवेध:
माध्यमव्यवस्थांच्या तुलनेवर लेख लिहितोय. हॅलिन आणि मॅन्सिनी या माध्यम-अभ्यासकांचे 2004 चे माध्यमव्यवस्थांचे तीन नमुने हाताशी आहेत, पण ते पश्चिम युरोप आणि उत्तर अमेरिकेतल्या 18 देशांवर बेतलेले. सिंगापूर, जपान, भारत कुठे ठेवायचे? 'स्वतंत्र' आणि 'सरकारी' असे दोन कप्पे पुरतील का?

मुद्रितशोधक:
अजिबात नाही. सिंगापूरच घ्या. 1974 च्या कायद्याने वृत्तपत्र कंपन्यांना दोन प्रकारचे शेअर काढायला लावले: साधे आणि मॅनेजमेंट शेअर. मॅनेजमेंट शेअर कुणाकडे जातील त्याला मंत्र्यांची मंजुरी लागते, आणि संचालक किंवा कर्मचारी नेमण्या-काढण्याच्या ठरावावर अशा एका शेअरला 200 मतं. कंपनी कागदोपत्री खासगीच. बातमी अडवायची वेळच फारशी येत नाही, कारण संपादकाच्या खुर्चीत कोण बसणार हे आधीच हातात असतं. मालकी सरकारी की खासगी एवढंच पाहणाऱ्याच्या नजरेतून नेमकं हेच निसटतं.

टिपणकार:
जपानमध्ये उलट. राज्यघटनेच्या 21 व्या कलमात सेन्सॉरशिपला थेट मनाई आहे. अडसर दारात आहे, म्हणजे बातमीच्या स्रोतापर्यंत कुणाला पोचता येतं यात. मंत्रालयं आणि पोलीस मुख्यालयांत पत्रकारांचे 'किशा क्लब' असतात. मोठी दैनिकं आणि वाहिन्या त्यांच्या सदस्य. साप्ताहिकं, मुक्त पत्रकार, परदेशी प्रतिनिधी बराच काळ बाहेरच राहिले. म्हणून दैनिकांच्या बातम्या एकसारख्या दिसतात आणि राजकारण्यांची प्रकरणं बऱ्याचदा साप्ताहिकांत आधी फुटतात.

स्तंभरेषा:
देशाला एकच शिक्का मारू नका, माध्यमागणिक बघा. भारतात 1961 च्या 'सकाळ' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पानांच्या संख्येवरून किंमत ठरवणारा कायदा रद्द केला. खपावर घाला म्हणजे अभिव्यक्तीवर घाला, असं मानलं. त्याच देशात खासगी एफएमला स्वतःच्या बातम्या देता येत नाहीत, फार तर आकाशवाणीची बातमीपत्रं जशीच्या तशी लावता येतात. फिलिपीन्सची राज्यघटना अमेरिकी वळणाची, पण प्रसारणासाठी संसदेकडून फ्रँचाइझ, म्हणजे मुदतीचा परवाना, लागते. तिथल्या एबीएस-सीबीएन या मोठ्या वाहिनीच्या फ्रँचाइझची मुदत मे 2020 मध्ये संपली आणि जुलैमध्ये प्रतिनिधीगृहाच्या समितीने नूतनीकरण नाकारलं.

वृत्तवेध:
जाहिरातींवर चालणारं माध्यम तुलनेने मोकळं, हा निकष तरी टिकेल?

मुद्रितशोधक:
चीनपुढे टिकत नाही. तिथे 1979 पासून वृत्तपत्रांत जाहिराती परतल्या आणि शहरी दैनिकं त्यावर पोसली गेली. तरी प्रत्येक वृत्तपत्रामागे एक अधिकृत पालक संस्था असावीच लागते. पैसा बाजाराचा, नेमणूक कम्युनिस्ट पक्षाची. तक्त्यात हे दोन रकाने वेगळेच ठेवा.