‘अपिलीय प्राधिकारी’ म्हणजे नेमके कोण?

प्रश्न : ग्रॅच्युइटीच्या एका आदेशाच्या शेवटी ‘अपिलीय प्राधिकाऱ्याकडे ६० दिवसांत अपील करता येईल’ असे वाचले. दुसऱ्या एका कागदावर त्याच ठिकाणी ‘अपीलीय प्राधिकरण’ असे होते. यांतले बरोबर कोणते, आणि कामगार कायद्यात हे अपील ऐकणारे एकच कार्यालय असते का?

उत्तर : आधी लेखन पाहू. ‘अपील’ हा शब्द मराठीत नपुंसकलिंगी आहे : ते अपील, ती अपिले. विभक्तीचा प्रत्यय लागताना त्यातील ‘पी’ ऱ्हस्व होतो, म्हणून आपण ‘अपिलात’, ‘अपिलाचा’ असे लिहितो. ‘वकील’ या शब्दापासून ‘वकिली’ होते, त्याच वळणाने ‘अपिलीय’ हे रूप मराठीच्या अंगाचे ठरते. ‘अपीलीय’ हिंदी कागदपत्रांतून आलेले दिसते. ‘अपील प्राधिकारी’ असा साधा समास केला तरी अर्थात काही उणे पडत नाही, आणि मला स्वतःला तोच अधिक सुटसुटीत वाटतो.

‘प्राधिकारी’ आणि ‘प्राधिकरण’ यांतील भेद मात्र केवळ लेखनाचा नाही. ‘प्राधिकारी’ म्हणजे अधिकार चालवणारी, पदावर नेमलेली व्यक्ती. ‘प्राधिकरण’ म्हणजे संस्था. इंग्रजीत दोहोंसाठी एकच शब्द असल्यामुळे भाषांतरात गल्लत होते, आणि ‘प्राधिकरण’ वाचून मनुष्य एखाद्या स्वतंत्र मंडळाचा पत्ता शोधू लागतो. १९७२ च्या ग्रॅच्युइटी कायद्यात पहिला निर्णय ‘नियंत्रक प्राधिकारी’ देत असे. महाराष्ट्रात राज्य शासनाच्या कक्षेतील आस्थापनांसाठी हे काम कामगार न्यायालयाचे न्यायाधीश करीत आणि अपील औद्योगिक न्यायालयाचे सदस्य ऐकत. केंद्राच्या कक्षेतील आस्थापनांसाठी मात्र या दोन्ही पायऱ्यांवर केंद्रीय कामगार आयुक्तालयाचे अधिकारी असत. नाव तेच, पण एकीकडे न्यायाधीश आणि दुसरीकडे प्रशासकीय अधिकारी. न्यायाधीशदेखील येथे न्यायालय म्हणून नव्हे, तर त्या कायद्याने नेमलेला प्राधिकारी म्हणून बसतो, हे लक्षात घेतले म्हणजे ‘प्राधिकारी’ या शब्दाची निवड किती नेमकी आहे ते कळते.

तेव्हा तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर ‘नाही’ असे आहे. १९३६ च्या वेतन प्रदान अधिनियमात अपील मुंबईसारख्या शहरात लघुवाद न्यायालयाकडे आणि इतरत्र जिल्हा न्यायालयाकडे जाई. १९२३ च्या नुकसानभरपाईच्या कायद्यात ते थेट उच्च न्यायालयाकडे, तेही कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असला तरच. २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार श्रम संहिता लागू झाल्या आणि नावेही बदलली : ग्रॅच्युइटीच्या बाबतीत ‘नियंत्रक’ जाऊन ‘सक्षम प्राधिकारी’ आला, आणि वेतन संहितेने अपिलासाठी ९० दिवसांची मुदत ठेवली.

आता ज्या चुकीची मला सर्वांत अधिक काळजी वाटते ती सांगतो. वर जाण्याच्या प्रत्येक वाटेला आपण ‘अपील’ म्हणतो. १९४७ च्या औद्योगिक विवाद अधिनियमाखाली दिलेल्या निवाड्यावर अपीलच नव्हते. १९५० साली कामगार अपील न्यायाधिकरण स्थापन झाले, पण ते १९५६ च्या दुरुस्तीने रद्द करण्यात आले. त्यानंतर निवाड्याविरुद्ध उच्च न्यायालयात जो अर्ज होई तो संविधानाच्या अनुच्छेद २२६ किंवा २२७ खालील रिट याचिका असे. तसेच महाराष्ट्राच्या १९७१ च्या अनुचित कामगार प्रथाविषयक कायद्यात कलम ४४ खाली औद्योगिक न्यायालयाकडे जाते ते ‘पुनरीक्षण’. अपिलात पुरावा पुन्हा तोलता येतो, तर पुनरीक्षणात मुख्यतः खालच्या न्यायालयाने आपल्या अधिकाराची मर्यादा पाळली की नाही हे पाहिले जाते. ‘पुनर्विलोकन’ आणखी वेगळे : तेथे निर्णय देणाराच आपला निर्णय पुन्हा पाहतो. कामावरून काढलेल्या माणसाला ‘अपील करा’ असा मोघम सल्ला दिला, तर तो चुकीच्या दारी जातो आणि मुदत तेवढ्यात सरते.

कोणती वाट आहे हे ठाऊक नसताना ‘दाद मागणे’ हा आपला जुना शब्दप्रयोग वापरावा. तो सर्व वाटांना लागू पडतो. वाट ठाऊक असेल तर मात्र आदेशाच्या तळाशी नुसते ‘अपिलीय प्राधिकारी’ न लिहिता पद, कार्यालय, कायद्याचे कलम आणि मुदत या चारही गोष्टी लिहाव्यात.