समुद्र कुणी हटवला: परशुरामाच्या बाणानं की मातीच्या टोपलीनं?

पेडण्याचा वाचक
एक दीर्घकथा लिहितोय. तिच्यात एक काल्पनिक शास्त्र आहे, नाव ठेवलंय कथाबलशास्त्र. एखाद्या जागी एकाच प्रकारची कथा पिढ्यान्‌पिढ्या सांगितली गेली की माती, पाणी, अंतरं खरोखर तशी बदलत जातात. पुराणकथेनं सीमा सरकतात, भयकथेनं वाटा अरुंद होतात. रहस्यकथेच्या गावात घर मोजलं तर दर वेळी एक खोली कमी भरते.

हे सुचलं दशावतारामुळे. लहानपणी जत्रेत मी अगदी पुढं बसायचो. रंगमंचावर एकच लाकडी बाकडं, पहाटेपर्यंत तेच सिंहासन, तेच पर्वत. सकाळी कुणीतरी ते उचलून देवळामागं नेऊन ठेवलं, पण त्यावर बसायला मी धजलो नाही.

पहिला नियम गोव्यावरूनच घेतलाय: परशुरामानं बाण मारला, समुद्र मागं हटला, बाण पडला ती बाणावली. इथली जमीन पुराणकथेनं वर काढली. आता तिच्यावर सुट्टीची कथा चालते, आणि माझ्या शास्त्रात सगळ्यांत घातक प्रकार हाच. तिच्यात पात्र चौथ्या दिवशी निघून जातं, त्यामुळे कशाचेच परिणाम दिसत नाहीत. डोंगर कापला तरी पुढचं पान येतच नाही. यावर मतं हवीत.

खाजनात वाढलेली, चोडण
सुट्टीच्या कथेचं पटलं. पहिला नियम मात्र काढून टाका, बाब.

आमच्या बेटावरची खाजनं, म्हणजे बांध घालून खाऱ्या पाण्यापासून राखलेली भातशेती, समुद्रसपाटीच्या खाली आहेत. तिथलं खारं पाणी थोपवलं ते गावकारांनी, म्हणजे गावच्या मूळ घराण्यांनी, चिखल, पेंढा आणि चिरे घालून. माझे वडील ओहोटीला बांधावरून अनवाणी चालायचे. पायाखाली माती भुसभुशीत लागली की थांबायचे, उकिडवे बसून कोपरापर्यंत हात आत घालायचे. कुर्लीचं, म्हणजे खेकड्याचं, बीळ असायचं. ते त्याच दिवशी बुजवलं नाही तर पुढच्या मोठ्या भरतीला तिथूनच भगदाड. मानशीची, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या वाटेची, लाकडी दारं भरतीच्या जोरानं आपोआप मिटतात, ओहोटीला उघडतात, पण त्यांत ओंडका अडकला तर काढायला माणूसच लागतो.

तुमच्या शास्त्रात हे सगळं श्रेय सांगणाऱ्याला जातं, टोपली उचलणारा त्यात कुठंच नाही. काल्पनिक असलं म्हणून काय झालं, वाचणारा त्यातून काहीतरी घेऊन जातोच.

सत्तरीचा मास्तर
बाय, तुमचा राग समजतो, पण भयकथेचं काय? आमच्याकडे देवराया उरल्या त्या देवचाराच्या, म्हणजे राखणदाराच्या, धाकानं. खांद्यावर घोंगडी, हातात दांडा घेऊन तो रात्री राखणीला फिरतो, असं ऐकत आम्ही वाढलो. त्याला वहाणा वाहायच्या आणि राईतली वाळकी काटकीसुद्धा घरी आणायची नाही. कुऱ्हाड तिथं थांबली, म्हणून झाडं उभी राहिली, म्हणून झऱ्याला मे महिन्यात पाणी. कथेपासून पाण्यापर्यंतची ही साखळी मी डोळ्यांनी पाहिली आहे. कथाबल नाही तर दुसरं काय म्हणणार?

खाजनात वाढलेली, चोडण
देवचार आमच्या बांधावरही आहे, मास्तर. आम्हीही त्याला रोट देतो. पण बीळ बुजवून झाल्यावर देतो. कुळकायद्यानंतर शेतं कुळांकडं आली, कोमुनिदादीची, म्हणजे गावकारांच्या सामाईक संस्थेची, जुनी देखरेख सैल पडली, आणि कितीतरी बांध फुटले. देवचाराची गोष्ट तेव्हाही घरोघरी सांगितली जात होतीच. एका शब्दानंही ती कमी झाली नव्हती. मग बळ कुठं गेलं?

पेडण्याचा वाचक
या प्रश्नानं दोन दिवस अडलो. पहिला नियम बदलतोय: कथेचं बळ ऐकणाऱ्याच्या हातापायांतूनच जमिनीत उतरतं. ऐकून कुणी उठलंच नाही तर जमीन हलत नाही. पण बाण काढणार नाही. समुद्र हटू शकतो हे आधी कुणाच्या तरी मनात यावं लागतं, त्याशिवाय भरतीच्या पाण्यासमोर पहिली टोपली कोण ओतेल?

खाजनात वाढलेली, चोडण
ज्याला भूक लागली आहे तो.

कुर्डीकडची
मी दोघांशीही सहमत नाही. साळावली धरणात आमचं गाव गेलं. महादेवाचं जुनं देऊळ दगड सुटे करून हलवलं आणि धरणाजवळ पुन्हा उभं केलं. घरं काही हलली नाहीत. दर मे महिन्यात पाणी उतरतं, गाव वर येतं, सोमेश्वराच्या देवळाकडं आणि कपेलात, म्हणजे छोट्या चर्चमध्ये, माणसं जमतात.

पेडण्याच्या दादांनी याला कोणता कथाप्रकार म्हणावं? माझ्या आईनं गावाची गोष्ट कधीच सांगितली नाही. ती मापं सांगते. तुळशीपासून विहिरीपर्यंत सतरा पावलं, विहिरीपासून पायवाटेपर्यंत नऊ. त्यात ना सुरुवात, ना शेवट, आणि मला तरी गाव तेवढ्यावरच टिकलंय असं वाटतं. तुमच्या शास्त्रात मापांना जागा ठेवा. नाहीतर धरणाखालच्या गावांना तुम्ही शोकांतिका म्हणून मोकळे व्हाल.

आता तिथंही मे महिन्यात सुट्टीची कथा पोचली आहे. मागच्या खेपेला आई तुळशीच्या चौथऱ्यापासून मोजत निघाली. सोळाव्या पावलाला विहिरीच्या तोंडाशी एक जोडपं फोटो काढत उभं होतं. ती काही बोलली नाही. ते निघून जाईपर्यंत थांबली, परत चौथऱ्याशी गेली आणि एकपासून पुन्हा मोजायला लागली.