तो राग मुद्दाम नसतो हो
ताई, तुम्ही लिहिलंय की अपघातानंतर मिस्टर वरून ठणठणीत दिसतात पण कुकरची शिट्टी झाली तरी भडकतात, आमच्याकडे अगदी हेच. धाकटा भाऊ बाईकवरून पडला, हेल्मेट नव्हतं. कपाळामागचा मेंदूचा भाग असतो ना, फ्रंटल लोब, राग आवरायचं बरंचसं काम त्याचं, तिथे मार बसला की माणसाला राग आवरणं कठीण जाऊ शकतं. आम्ही कुकर लावायच्या आधी त्याला सांगतो, एका वेळी एकच काम सांगतो, दुपारची झोप चुकवत नाही कारण मेंदू लवकर थकतो, तो आळस नाही. ऑक्युपेशनल थेरपिस्टला, म्हणजे रोजची कामं पुन्हा स्वतः करायला शिकवतात त्यांना, नक्की भेटा. चहाची पायरीन् पायरी लिहून ओट्यावर चिकटवलीय, 'गॅस बंद कर' लाल पेनाने. परवा एकट्याने केला, साखर दोनदा पडली पण गॅस आठवणीने बंद केला त्याने, आई रडलीच.