प्रति: परमिट आहे तर गाडी कुठलीही लावू द्या की

वर एकांनी लिहिलंय की परमिट (प्रवासी बस चालवायचा सरकारी परवाना) माझं आहे, गाडी फिट आहे, मग जुनी गाडी काढून तिच्याहून जुनी लावली तर सरकारच्या पोटात का दुखावं. अहो हाच वाद केरळातून सुप्रीम कोर्टात गेला होता, २०२२ च्या फेब्रुवारीत निकाल लागला. तिकडे खाजगी बसेस रूटवर धावतात, आपल्याकडे एसटी नि पीएमपी म्हणून आपल्याला त्याचं गांभीर्य कळत नाही. मोटार वाहन कायद्याचं कलम ८३ म्हणतं की परवानगीने 'त्याच प्रकारची' गाडी बदलून लावता येते, म्हणजे बसच्या जागी बस, आणि बसवाल्यांचं म्हणणं होतं की यात वय कुठे आलं? हायकोर्टाला ते पटलं, पण सुप्रीम कोर्टाने केरळचा नियम वैध ठरवला, आधीच्यापेक्षा जुनी गाडी असेल तर अर्ज नाकारता येतो. मला विचाराल तर बरोबरच आहे, आत माणसं बसतात.

रिन्युअलचं मात्र वेगळं. परमिट ५ वर्षांचं, मुदत संपायच्या किमान १५ दिवस आधी रिन्युअलचा अर्ज करायचा. आमच्या मामांची कंपनीच्या स्टाफची बस आहे, हिंजवडीला जाते, त्यांनी चक्क मुदत संपल्यावर अर्ज टाकला आणि वर आरटीओच्या साहेबांवरच चिडले. उशीर माफ होऊ शकतो पण सबळ कारण लागतं, 'एजंट गावाला गेला होता' हे कारण नाही हो मामा! नाकारलंच तर आधी अपिलात परिवहनाच्या ट्रिब्युनलकडे (अपील ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाकडे) जा, थेट हायकोर्टात पळू नका.