मदत हवी आहे: परिवीक्षा (प्रोबेशन) संपायला तीन आठवडे उरले असताना सेवासमाप्तीचं पत्र (खाजगी विनाअनुदानित शाळा)

वर्गशिक्षिका_8ब

आमच्या एका सहशिक्षिकेसाठी विचारते आहे. शाळा मान्यताप्राप्त, विनाअनुदानित, महाराष्ट्रातली. रीतसर जाहिरात, मुलाखत, कायम रिक्त पद, पात्रता पूर्ण. नियुक्ती आदेशात 18 जून 2024 पासून दोन वर्षांची परिवीक्षा लिहिली आहे. आता सुट्टीत, 25 मे 2026 ला, घरी रजिस्टर्ड पोस्टाने पत्र आलं. त्यावर तारीख 22 मेची. मजकूर असा: "आपले काम असमाधानकारक आहे. तसेच आपण पालकांना संस्थेविरुद्ध चिथावले. एक महिन्याची नोटीस देऊन 22 जूनपासून आपली सेवा समाप्त करण्यात येत आहे." दोन वर्षांत लेखी मेमो एकही नाही. संस्था म्हणते, परिवीक्षेत असताना काढायला कारण लागत नाही. हे खरं आहे का? आणि आधी शिक्षणाधिकाऱ्यांकडे जावं का?

कलम_नऊ

तारखा पुन्हा एकदा नीट बघा, यात सगळ्यात मोलाचं तेच आहे.

एमईपीएस कायदा 1977 (महाराष्ट्रातल्या खाजगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा कायदा), कलम 5(2): कायम रिक्त पदावर नेमलेल्या माणसाची परिवीक्षा दोन वर्षांची. ती पूर्ण झाली की तो कायम झाला असं कायदाच मानतो, वेगळ्या आदेशाची वाट बघावी लागत नाही. कलम 5(3): काम किंवा वर्तणूक समाधानकारक नसेल तर संस्था "त्या कालावधीत" सेवा संपवू शकते, एक महिन्याची नोटीस किंवा त्याऐवजी एक महिन्याचा पगार देऊन. म्हणजे नुसती नोटीस मुदतीत निघून भागत नाही, सेवाही मुदतीतच संपायला हवी. यांची दोन वर्षं 17 जूनला भरतात आणि पत्र सेवा संपवतंय 22 जूनला. त्या दिवशी बाई परिवीक्षाधीन उरतच नाहीत. कायम कर्मचाऱ्याला असं एका पत्राने काढता येत नाही.

म्हणून कळकळीने सांगतो, 17 जून उलटेपर्यंत या मुद्द्यावर संस्थेला एक ओळही लिहू नका, तोंडीही बोलू नका. चूक लक्षात आली तर ते महिन्याच्या पगाराचा चेक जोडून 16 तारखेला दुसरं पत्र देतील आणि हा मुद्दा हातचा जाईल. शाळा उघडल्यावर नेहमीसारखं हजर व्हायचं, मस्टरवर सही करायची.

अपील कलम 9 खाली शाळा न्यायाधिकरणात. मुदत आदेश हाती पडल्यापासून 30 दिवस. 25 मेपासून मोजले तर शेवटचा दिवस 24 जून. आजच वकील गाठा, कागद तयार ठेवा आणि 18 ते 22 जूनच्या दरम्यान अपील दाखल करा, स्थगितीच्या अर्जासह. पत्राचं पाकीट जपून ठेवा, पोस्टाचा शिक्का हाच तारखेचा पुरावा.

शिक्षणाधिकाऱ्यांकडे तक्रार करायला हरकत नाही, पण तीही 17 नंतरच, कारण ती प्रत संस्थेकडे खुलाशासाठी जातेच. बडतर्फी रद्द करण्याचा अधिकार त्यांना नाही, आणि तक्रार प्रलंबित आहे म्हणून 30 दिवस थांबत नाहीत. कितीतरी चांगली प्रकरणं "साहेब बघतो म्हणाले" यातच मुदतबाह्य होतात. पुरेसं कारण असेल तर 9(3) खाली विलंब माफ होतो, पण त्या भरवशावर राहू नये.

नियम_पंधरा

वरच्या उत्तरात दोन गोष्टींची भर.

"कारण लागत नाही" हे अर्धसत्य आहे. याच कायद्याखालच्या 1981 च्या नियमावलीतील नियम 15 प्रमाणे परिवीक्षाधीन कर्मचाऱ्याच्या कामाचं मुख्याध्यापकांनी वस्तुनिष्ठ मूल्यमापन करून त्याची नोंद ठेवायची असते. सर्वोच्च न्यायालयाने प्रोग्रेसिव्ह एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात (2008) हेच धरलं: संस्थेचं असमाधान या नोंदींवर उभं असायला हवं. तुमच्याकडे दोन वर्षांत एकही मेमो नाही. तेव्हा मूल्यमापनाच्या नोंदी आणि गोपनीय अहवाल हजर करण्याचा अर्ज अपिलाबरोबरच द्या. घाईने मागाहून लिहिलेल्या नोंदी ओळखू येतात: सगळ्या एकाच शाईत, आवक-जावक क्रमांक नाही, कर्मचाऱ्याची पोच नाही.

दुसरं, पत्रातलं "पालकांना चिथावले". "काम असमाधानकारक" एवढ्या शब्दांनी कलंक लागत नाही, तो साधा सेवासमाप्तीचा आदेश राहतो. पण गैरवर्तनाचा ठपका हाच आदेशाचा पाया असेल तर ती शिक्षा ठरते, आणि शिक्षेआधी नियम 36 व 37 प्रमाणे आरोपपत्र, तीन सदस्यांची चौकशी समिती, बचावाची संधी हे सगळं लागतं. चौकशी समितीत एक सदस्य कर्मचाऱ्याच्या पसंतीचा असतो. पत्र साधं असलं आणि ठपका त्यात उल्लेख केलेल्या दुसऱ्या कागदात असला, तरी तोही बघितला जातो (एस. एन. बोस केंद्राचं प्रकरण, 1999).

तासिका_ते_तासिका

इथेच विचारतो. मला तिसऱ्यांदा 11 महिन्यांचा आदेश मिळालाय. दर वर्षी एप्रिलअखेर संपतो, जूनमध्ये नवा. दोन वर्षं भरली, मी कायम झालो का?

कलम_नऊ

आपोआप नाही. आदेश मुळातच ठरावीक मुदतीचा, तात्पुरता असेल तर 5(2) लागू होत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने हिंदुस्थान एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात (1997) 11 महिन्यांच्या नेमणुकीबद्दलच म्हटलंय. कायम पद रिकामं असलं तरी प्रत्येक नेमणूक परिवीक्षेवरचीच मानावी असं नाही, ही उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाची 2013 मधली भूमिका आहे. मुदत संपली की तसा आदेश आपसूक संपतो.

तुमची बाजू उभी राहू शकते ती एकाच मार्गाने: पद कायम आणि मंजूर होतं, निवड रीतसर झाली, तुम्ही पूर्ण पात्र होतात, तरीही केवळ कायम होऊ नये म्हणून तुकडे पाडले. हे कागदांनी दाखवावं लागतं. जाहिरातीत "तात्पुरते" शब्द होता का? निवड समितीचा ठराव काय म्हणतो? बिंदुनामावलीत (आरक्षणानुसार पदांच्या नोंदवहीत) ते पद कोणत्या प्रवर्गाचं? राखीव पदावर खुल्या प्रवर्गातला उमेदवार असेल तर गाडी तिथेच अडते. अनुदानित पदावर पवित्र पोर्टलबाहेरची (शासनाच्या शिक्षक भरतीच्या संकेतस्थळाबाहेरची) नेमणूक असेल तरीही. ही माहिती जिल्हा परिषदेच्या शिक्षण विभागाकडे माहिती अधिकारात मागा: अर्जाचा नमुना जोडपत्र 'अ', त्यावर 10 रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प. उत्तराची मुदतही 30 दिवसच आहे, तेव्हा सेवा संपल्यावर अर्ज केलात तर अपिलाची मुदत त्यातच निघून जाईल. नोकरीत असतानाच मागून ठेवा.

मुदतीच्या आतच काढलं तर नियम 28 बघा. तात्पुरत्या कर्मचाऱ्याला एक कॅलेंडर महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार द्यावा लागतो, आणि सुट्टीला पात्र कर्मचाऱ्याला ही नोटीस सुट्टीत किंवा सुट्टी संपल्यापासून महिनाभर देता येत नाही.

वर्गशिक्षिका_8ब

खूप आधार वाटला. एक भीती राहिली आहे. रुजू होताना संस्थेने बाईंकडून तारीख न घातलेल्या कोऱ्या राजीनाम्यावर सही घेतली होती. तो बाहेर काढला तर?

नियम_पंधरा

कलम 7 मध्ये राजीनाम्याची रीत ठरलेली आहे: दोन प्रती, दोन्हींवर सही आणि तारीख, एक प्रत कर्मचाऱ्याने स्वतः रजिस्टर्ड पोस्टाने संस्थेला पाठवायची, दुसरी स्वतःकडे. संस्थेच्या कपाटातून निघालेला कागद या कसोटीला उतरत नाही. पोस्टाची पावती कुठे आहे, हा पहिला प्रश्न येतो. शिवाय 22 मेचं सेवासमाप्तीचं पत्र त्यांनीच दिलंय. त्याआधीच्या तारखेचा राजीनामा हाती होता तर हे पत्र कशाला काढलं, याचं उत्तर त्यांना द्यावं लागेल. तरीही कोऱ्या सहीचा उल्लेख अपिलात सुरुवातीलाच करा, त्यांनी कागद काढल्यावर नाही.

आणि थकीत पगाराची मागणी करताना "या काळात अन्यत्र लाभदायक नोकरी नाही" हे वाक्य शपथेवर घालायला विसरू नका. क्रांती ज्युनियर अध्यापक महाविद्यालयाच्या निकालात (2013, याच कायद्याखालचा) सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की कर्मचाऱ्याने एवढं म्हटलं की उलट सिद्ध करण्याची जबाबदारी संस्थेवर जाते. दरम्यान शिकवण्या घेतल्या तर त्याही लपवू नका, आकड्यासकट लिहा.