शब्दचर्चा : ‘क्रीक’ म्हणजे खाडी?

आडवाट
एका मासिकासाठी अमेरिकेतल्या जुन्या मिशन शाळांवरचा लेख मराठीत करतेय. त्यात ओक्लाहोमातलं तल्लाहासी हे लहानसं गाव आहे आणि तिथे १८५० मध्ये प्रेस्बिटेरियन मिशनऱ्यांनी काढलेली निवासी शाळा. मी लिहिलं होतं, ‘क्रीक लोकांच्या खेड्यातली मिशन शाळा’. मुद्रितशोधन होऊन आलं, ‘खाडीकाठच्या खेड्यातली मिशन शाळा’. शेजारी शेरा, ‘क्रीक = खाडी. ठाणे क्रीक पाहावे.’ ओक्लाहोमाला समुद्र नाही असं कळवलं, तर उत्तर आलं, ‘मग ओढ्याकाठच्या करा.’
अहो, ते अमेरिकेतल्या मूळनिवासी लोकांचं नाव आहे! पण नुसतं ‘क्रीक’ ठेवलं तर वाचक अडखळेल हेही खरंच. काय करावं? आणि शाळेच्या नावात ‘मॅन्युअल लेबर बोर्डिंग स्कूल’ आहे, त्याला मराठीत काय म्हणाल?

वहाळ
गंमत म्हणजे ओढा अगदीच चुकीचा नाही. अठराव्या शतकाच्या सुरुवातीला चार्ल्सटनचे इंग्रज व्यापारी जॉर्जियातल्या ओकमल्गी नदीला ओचीसी क्रीक म्हणत. तिच्या काठचे लोक ते ‘ओचीसी क्रीक इंडियन’. पुढे ओचीसी गळलं, क्रीक उरलं, आणि जे कधी त्या काठी राहिले नव्हते त्यांनाही तेच चिकटलं. आपण क्रीक म्हटलं की भरती-ओहोटीचं पाणी समजतो, कारण आपली इंग्रजी विलायतेहून आली. अमेरिकेत तोच शब्द गोड्या पाण्याच्या ओहोळाला.
बाकी ओढा हा घाटावरचा शब्द. आमच्याकडे वहाळ, त्याहून लहान तो पऱ्ह्या.

नागपुरी संत्रं
आमच्याकडे दोन्हीला नाला.

वहाळ
नाला म्हटलं की आम्हाला गटार दिसतं.

नागपुरी संत्रं
तो मुंबईचा दोष आहे, शब्दाचा नाही.

मूळशोध
वहाळ आणि नाला बाजूला ठेवूया का? ‘क्रीक’ हे परक्यांनी ठेवलेलं नाव. ते लोक स्वतःला मस्कोगी म्हणतात. २०२१ पासून त्यांचं सरकारही व्यवहारात ‘मस्कोगी नेशन’ एवढंच लिहितं. तेव्हा ‘मस्कोगी लोकांच्या खेड्यातली शाळा’ करा, मुद्रितशोधकांना खाडी सापडणारच नाही.

पेठेतला
असहमत. १८५० च्या कागदपत्रांत क्रीक असेल तर लेखात क्रीकच हवं. आजचं नाव मागे नेऊन चिकटवायचं म्हणजे पेशव्यांनी ‘महाराष्ट्र राज्य’ चालवलं असं लिहिण्यासारखं आहे. शिवाय मस्कोगी की मस्कोकी? आधी ते ठरवा. काही जण ‘म्वस्कोके’ही लिहितात.

मूळशोध
‘म्वस्कोके’ लिहिणारे रोमन अक्षरांना फसतात. त्यांच्या लेखनात इंग्रजी व्ही हे अक्षर ऱ्हस्व ‘अ’साठी आहे. आणि दोन स्वरांमध्ये आलेला क त्यांच्या तोंडी ग कडे झुकतो. म्हणून मस्कोगी. देवनागरीला हे रोमनपेक्षा सोपं जातं. अडतं ते ‘आर’ अक्षराशी. तो तिकडे र नाही, फुंकर मारून उच्चारलेला ल आहे, आणि त्याला आपल्याकडे अक्षर नाही.

भाकरतुकडा
तल्लाहासीचा अर्थ काय? फ्लोरिडात एक टॅलाहासी आहे ना, राजधानी?

मूळशोध
शब्द एकच. ‘तल्वा’ म्हणजे गाव, पुढचा भाग ‘जुनं’ या अर्थाचा. जुनं गाव. ओक्लाहोमातल्या टल्सा शहराचं नावही त्याच कुळातलं मानतात.

भाकरतुकडा
तल्वा आणि आपलं तळ, तळेगाव? काही संबंध असू शकेल का? माझे आजोबा म्हणायचे, गाव बसतं ते तळावर.

मूळशोध
शून्य संबंध. आजोबांना नमस्कार.

जुना मास्तर
तल्वाला ‘गाव’ म्हणून भागणार नाही. तल्वाला स्वतःचा मुखिया, स्वतःचं चौकाचं मैदान, आणि त्या मैदानातला पवित्र अग्नी. १८३६ मध्ये सैन्य लावून त्यांना अलाबामातून हाकललं, तेव्हा लोचापोका तल्वाच्या लोकांनी निखारे सोबत नेले आणि आज जिथे टल्सा आहे तिथे एका ओकच्या झाडाखाली पुन्हा अग्नी पेटवला. म्हणजे जमीन सुटली तरी तल्वा सुटली नाही. आपल्याकडे ‘पांढरी’ शब्द आहे, काळी म्हणजे शेतजमीन आणि पांढरी म्हणजे वस्तीची जागा. पांढरीला देवत्वही असतं. त्याचा विचार करावा.

पेठेतला
मास्तर, पांढरी जागेला बांधलेली असते. तुम्हीच वर सांगितलंत की तल्वा उचलून नेता येते. शिवाय आजच्या वाचकाला पांढरी म्हटलं की केस आठवतात.

जुना मास्तर
वाचकाला येत नाही म्हणून शब्द सोडायचा, तर हा धागा कशासाठी?

नगरी
मिशनबद्दल कोणीच बोलत नाही म्हणून लिहितो. ‘मिशन शाळा’ तशीच ठेवा, नगरकरांना ती समजावून सांगावी लागत नाही. आणि या गोष्टीत नगरचा खरा धागा आहे. तल्लाहासीच्या शिक्षिका अॅन एलायझा वूस्टर रॉबर्टसन. त्यांचे वडील सॅम्युएल वूस्टर चेरोकी लोकांत काम करणारे मिशनरी. जॉर्जिया राज्याने त्यांना तुरुंगात टाकलं, आणि १८३२ चा चेरोकींच्या हक्कांचा गाजलेला निकाल त्यांच्याच खटल्यातला. त्यांना पाठवणारी संस्था अमेरिकन बोर्ड. हीच संस्था १८१३ मध्ये मुंबईत आली आणि १८३१ मध्ये नगरला. तिच्याच सिंथिया फरार यांच्या नगरच्या मुलींच्या शाळा जोतीरावांनी पाहिल्या होत्या. रॉबर्टसनबाईंनी पुढे नवा करार मस्कोगीत आणला, १८८७ मध्ये तो छापून निघाला.

पेठेतला
माहिती उत्तम, पण ‘मिशन’ला मराठी शब्द हवाच. धर्मप्रचारक शाळा.

नगरी
तेच तर तिथे चाललं नसतं! १८३६ मध्ये क्रीकांनी मिशनऱ्यांना हाकलून दिलं होतं. १८४० च्या दशकात लॉफरिज नावाचे पाद्री आले, तेव्हा पंचायतीने शाळेला होकार दिला, पण धर्मोपदेश फक्त शाळेच्या आवारात करायचा, बाहेर नाही. लोकांना अक्षर हवं होतं, सोबत येईल ते सोसायचं. तुमच्या ‘धर्मप्रचारक शाळे’त त्यांची ही घासाघीस पार बुडते.

आडवाट
हे सगळं लेखात घालण्यासारखं आहे, आभार. पण मग ‘क्रीक लोकांचं खेडं’ बरोबर आहे ना? कारण आज तल्लाहासी कृष्णवर्णीयांचं गाव म्हणून ओळखलं जातं.

मूळशोध
इथेच खरी गाठ आहे. क्रीकांच्या घरी कृष्णवर्णीय गुलाम होते. १८६६ च्या तहाने ते मुक्त झाले आणि क्रीक राष्ट्राचे नागरिकही. डिसेंबर १८८० मध्ये शाळेची इमारत जळाली. बाकीच्या मुलांसाठी वीलाका इथे नवी शाळा निघाली आणि तल्लाहासीची जागा पंचायतीने या मुक्त झालेल्यांच्या मुलांना दिली. गाव पुढे त्यांचं झालं. १९७९ च्या घटनेने त्यांच्या वंशजांना ‘रक्ताने क्रीक नाहीत’ म्हणून बाहेर ठेवलं. जुलै २०२५ मध्ये मस्कोगींच्याच सर्वोच्च न्यायालयाने तहाचा आधार घेऊन त्यांचा नागरिकत्वाचा हक्क मान्य केला. तेव्हा ‘लोक’ म्हणताय ते कोण, हे आधी सांगा.

पेठेतला
‘जमात’ नको, ‘वंश’ नको. ‘क्रीक राष्ट्रातलं खेडं’ म्हणा, त्यात दोघेही येतात.

वहाळ
‘राष्ट्रातलं खेडं’ ऐकायला सरकारी परिपत्रक वाटतं.

कासेगावची
मॅन्युअल लेबरचं राहिलंच. त्या शाळेत मुलगे शेतात आणि मुली स्वयंपाक, धुणं, शिवण यात रोज काही तास राबायच्या, मग पुस्तक. साताऱ्याकडे याला नाव तयार आहे, ‘कमवा आणि शिका’.

जुना मास्तर
नको. कर्मवीरांच्या योजनेत मुलगा कष्ट करून स्वतःचं शिक्षण उभं करायचा, त्यात स्वाभिमान होता. तिथे मुलांना ‘सुधारण्या’साठी कामाला लावत. श्रमशाळा म्हणा.

कासेगावची
घाईत वाचणारा तिला आश्रमशाळाच वाचेल.

नागपुरी संत्रं
वाचू द्या. राहायचं, काम करायचं, शिकायचं. फरक कितीसा?

जुना मास्तर
फरक कोणी काढली याचा आहे.

आडवाट
पाने परवा छपाईला जातायत. मी तूर्तास ‘तल्लाहासीचं बोर्डिंग’ लिहू का?

कासेगावची
लिहा की. फक्त आमच्याकडे ती बोर्डिंग, स्त्रीलिंगी. ‘माझा भाऊ बोर्डिंगीत होता.’

पेठेतला
बोर्डिंगात. नपुंसकलिंगी. वसतिगृह या अर्थाने.

नगरी
आमच्या मिशन कंपाउंडात दोन्ही चालायचं, मुलांचं बोर्डिंग आणि मुलींची बोर्डिंग.